आषाढातलं लाल शेवाळ

हिंगोलीत, कयाधूच्या काठी, काळ्या खडकावर तुम्ही उभे आहात. समुद्र इथून शेकडो किलोमीटर लांब. आता मागे चला. पहिला मुक्काम 6.6 कोटी वर्षांपूर्वीचा. पायाखाली खडक नाही, लाव्हा आहे. एका थरावर दुसरा चढतोय. पुढे औंढा नागनाथाचं देऊळ ज्या जमिनीवर उभं राहणार, ती अजून तापलेली आहे. इथे रेंगाळू नका.

आणखी मागे या, 160 कोटी वर्षांपूर्वीच्या चित्रकूटला. रामायणातला डोंगर नाही की झाडी नाही. आहे तो उथळ समुद्र. तळाशी बारीक धागे वाढताहेत, पेशीला पेशी जोडत. त्यांचे जीवाश्म लाल शैवालांचे असावेत, असं 2017 मध्ये शास्त्रज्ञ जाहीर करतील. जमिनीवर पहिलं रोप उगवायला अजून शंभर कोटींहून जास्त वर्षं आहेत.

आता एकदम आपल्या काळात या. आषाढ महिना, देवगड तालुक्यातलं कुणकेश्वर. होड्या वर ओढून ठेवल्यात, समुद्र गढूळ आहे. ओहोटी लागलीय. कातळाच्या वरच्या अंगाला, जिथे लाटांचे शिंतोडे आणि भरतीचं पाणी जेमतेम पोचतं, तिथे जांभळट-तपकिरी पट्ट्या चिकटल्यात. हे पॉर्फिरा व्हिएतनामेन्सिस, त्याच लाल शैवालांपैकी एक. नाव व्हिएतनामचं, पण कोकण-गोव्यात ते दिसतं ते मोसमी पावसातच.

एक पट्टी न तोडता बोटावर घ्या. ओल्या पतंगाच्या कागदासारखी आहे. बोटावरच्या रेषा आरपार दिसतात, कारण तिची जाडी एकाच पेशीची. मुळं नाहीत. बुडाशी छोटी पकड, आणि क्षार शोषायचे ते सगळ्या अंगानं. लाली फायकोएरिथ्रिन या रंगद्रव्याची. हरितद्रव्याला नीट न टिपता येणारा हिरवट प्रकाश ते टिपतं. तासभर ऊन पडू द्या. पट्टी काळवंडते, कुरकुरीत होते, मेली असं वाटतं. भरतीचं पाणी लागलं की पुन्हा मऊ आणि जिवंत.

श्रावण सरला, भाद्रपद आला. पट्टीच्या कडेनं नर पेशी सुटताहेत. त्यांना पोहायला शेपूट नाही. लाल शैवालांत ती कोणत्याच अवस्थेत नसते. लाट नेईल तिकडे जायचं, मादी पेशी गाठायची. फलन झालं की बीजाणू पाण्यात पडतात आणि पट्ट्या झिजून जातात. दिवाळीला याल तर कातळ मोकळा. मग पुढच्या पावसाळ्यात हे शेवाळ येतं कुठून?

उत्तरासाठी मँचेस्टरला चला. साल 1949. शैवालांच्या अभ्यासक कॅथलीन ड्र्यू-बेकर यांची विद्यापीठातली पगारी जागा लग्नामुळे गेली होती. संशोधन मात्र त्यांनी सोडलं नाही. पॉर्फिराच्या तिथल्या जातीचे बीजाणू त्यांनी शिंपल्यांवर वाढवले. वाकून पाहा: बीजाणू कवचाच्या चुन्यात शिरलेत आणि आत गुलाबी धागे पसरलेत. हे धागे शास्त्राला नवे नव्हते. 1892 पासून ते 'कॉन्कोसेलिस' नावाची वेगळीच वनस्पती म्हणून नोंदलेले होते. ते पॉर्फिराचंच दुसरं रूप आहे, हे ड्र्यू-बेकर यांनी 'नेचर'मध्ये छापलं.

हा शोध सर्वात आधी कामी आला जपानला. तिथे नोरीचं, म्हणजे पॉर्फिराच्याच कुळातल्या खाण्याच्या शेवाळाचं, पीक बेभरवशाचं होतं, कारण बी कुठून येतं हेच शेतकऱ्यांना ठाऊक नव्हतं. आता ते कालवांच्या शिंपल्यांत धागे वाढवतात, त्यांचे बीजाणू जाळ्यांवर घेतात आणि जाळी समुद्रात सोडतात. दरवर्षी 14 एप्रिलला तिथल्या उतो शहरात ड्र्यू-बेकर यांचं स्मरण होतं.

पॉर्फिराच्या कुळाची रीत ही अशी: डोळ्यांना दिसणारी पट्टी काही महिन्यांची, बाकीचं आयुष्य चुन्याच्या कवचात. म्हणून उन्हाळ्यात मोकळा कातळ पाहून 'इथे काही उगवत नाही' असा निकाल देऊ नका. हे शेवाळ पाहायचंच असेल तर आषाढ-श्रावणात जा, ओहोटीची वेळ विचारून जा आणि एकटे जाऊ नका. तो कातळ पावसाळ्यात फार निसरडा असतो.