ताब्याचा रकाना

१९९७ साली आमचं वाकड पिंपरी-चिंचवड महापालिकेत गेलं. शेजारी हिंजवडीत आयटी पार्क आला, जमिनीला भाव आला, अन् ‘स्टे’ हा शब्द घरोघर आला. कागदावर तो तात्पुरता मनाई हुकूम, १९०८ च्या दिवाणी प्रक्रिया संहितेतला आदेश ३९. वरवर पाहता बाजू कुणाची, गैरसोय कुणाची जास्त, न भरून येणारं नुकसान कुणाचं, एवढं कोर्ट बघतं. मालकी नंतर. आधी प्रश्न एकच, आज ताबा कुणाचा?

इथंच सात-बाराचा पीकपाहणीचा रकाना आडवा येतो. आमच्या शिवारात एका विधवेनं पंधरा वर्षं ज्वारी पेरली, पण रकान्यात नाव दिराचं. चावडीत बसून लिहिलेली पाहणी ती! शेवटी विहिरीवरच्या मोटारीचं लाइटबिल तिच्या नावाचं निघालं, तेव्हा कुठं ‘जैसे थे’ मिळालं.

समोरच्याला न ऐकता मनाई दिली, तर अर्ज तीस दिवसांत निकाली काढायचा प्रयत्न करावा, असं १९७६ च्या दुरुस्तीत आहे. इथं दोघांचं ऐकलेलं, मग घाई कुणाला? त्या तात्पुरत्या हुकमावर बाईनं शेवटपर्यंत पेरणी केली. ती गेली, आता पोरं तारखेला जातात.