खारूनचं पाणी पारादीपला जातं

२८ ऑक्टोबर १९९९, गुरुवार. रायपूर अजून मध्य प्रदेशात आहे. छत्तीसगड राज्य व्हायला वर्षभर अवकाश आहे. कोजागिरी होऊन चार दिवस झालेत, दिवाळी दहा दिवसांवर आलीय. तुम्ही तात्यापाऱ्यातल्या घरातून निघून कोपऱ्यावरच्या एसटीडी बूथमध्ये शिरता आणि पारादीपला फोन लावता. धाकट्या बहिणीचे यजमान तिथल्या बंदरात नोकरीला आहेत.

"दादा, समुद्र फार खवळलाय. वादळ येणार असं रेडिओवर सारखं सांगतायत. लोकांनी जायचं कुठे, ते मात्र कुणी सांगत नाही. आमचं क्वार्टर पक्कं आहे, वरच्या मजल्यावर जाऊन बसू. पण कामाला येणारी बाई खाडीकडे झोपडीत राहते. तिला म्हटलं, पोरं घेऊन इथेच ये. तर म्हणते, बकऱ्या कुठे ठेवू?"

मीटरवरचे लाल आकडे पळतायत. उद्या पुन्हा करा म्हणते ती. उद्या फोन लागणार नाही. परवाही नाही.

तुम्ही तिच्याकडे निघता, आणि निघता ते पाण्याच्या वाटेनं. महादेव घाटावरची खारून पुढे शिवनाथला मिळते, शिवनाथ महानदीला. मग हिराकुडचं धरण, नराज, कटक, आणि शेवटी पारादीपजवळ समुद्र. महानदीच्या खोऱ्याचा निम्म्याहून अधिक भाग छत्तीसगडात आहे. रायपूरच्या छपरांवर पडलेला पाऊस त्याच किनाऱ्याला जातो. 'अटक ते कटक' म्हणताना आपण अटकेवर जोर देतो. पण १७५१ ते १८०३ अशी पन्नासएक वर्षं हे कटक नागपूरकर भोसल्यांकडे होतं, आणि रायपूरही त्यांच्याच मुलखात. हा किनारा आपल्याला परका नाही, एवढंच मला म्हणायचंय.

कटकच्या पुढे नदीला फाटे फुटतात. इथे जरा थांबा आणि शंभरएक वर्षं मागे या. २२ सप्टेंबर १८८५. तुम्ही महानदीच्या मुखाशी फॉल्स पॉइंटच्या दीपगृहात उभे आहात. बॅरोमीटरचा पारा उतरत उतरत ९१९ मिलिबारच्या आसपास येतो. इतका कमी दाब तोवर कुठेच नोंदला गेलेला नव्हता. बाहेर समुद्र बावीस फूट चढतो आणि गावं धुऊन नेतो. जवळच्या बेटावर हुकीटोलाची इमारत आहे. १८६६च्या दुष्काळात धान्य वेळेवर पोहोचलं नाही म्हणून इंग्रजांनी बांधलेलं दगडी कोठार ते. हे कोठार १८८५चं वादळही सोसेल आणि १९९९चंही.

म्हणजे या किनाऱ्यावर समुद्र किती चढू शकतो, हे माहीत होतं. आकडा लिहून ठेवलेला होता. तांदूळ ठेवायला भक्कम इमारत बांधता येते, हेही दिसत होतं. माणसांसाठी तशा इमारती किती? १९९९ साली ओडिशाच्या सगळ्या किनाऱ्यावर मिळून रेड क्रॉसचे तेवीस निवारे. १९९९च्या वादळाला 'अभूतपूर्व' म्हणणं मला म्हणूनच पटत नाही.

आता २९ ऑक्टोबर, शुक्रवारची सकाळ. जगतसिंहपूर जिल्ह्यातला एरसमा तालुका. भाताची खाचरं, कोळंबीची तळी, नारळ, कुडाची घरं. दहा-बारा दिवसांपूर्वीच दक्षिणेला गोपालपूरला एक वादळ येऊन गेलंय. सरकारी यंत्रणा तिकडच्या मदतीत गुंतलीय आणि लोक म्हणतायत, तेही आलं नि गेलं, हेही जाईल. या वादळाला नाव नाही. आपल्या समुद्रातल्या वादळांना नावं द्यायची पद्धत २००४पासूनची.

वारा ताशी २६० किलोमीटरवर पोहोचतो. या वेगाला वाऱ्यात उभं राहता येत नाही, तोंड उघडलं तर श्वास घेता येत नाही. पत्रे उडतात, सुरूची झाडं मध्यातून मोडतात. तरी वाऱ्यानं माणसं कमी मरतात. मारतं ते पाणी. वादळाच्या पोटात हवेचा दाब ९१२ मिलिबारपर्यंत उतरलाय. दाब शंभर मिलिबारनं घटला की समुद्र साधारण मीटरभर फुगतो. उरलेलं काम वारा करतो: उथळ किनाऱ्यावरून पाणी पुढे पुढे रेटत नेतो, आणि मागे फिरायला त्याला जागाच ठेवत नाही. पाच-सहा मीटर उंचीचं खारं पाणी किनारा ओलांडून कित्येक किलोमीटर आत शिरतं. त्याला लाट म्हणतात खरं, पण लाट येते आणि ओसरते. हे पाणी येतं आणि राहतं.

तुम्ही एका निवाऱ्याच्या जिन्यावर आहात. इमारत साधी आहे: जाड खांबांवर उभी, तळमजला मुद्दाम मोकळा सोडलेला, वर एक लांबट खोली, त्यावर सपाट गच्ची. खालच्या मोकळ्या जागेतून पाणी आरपार जातं, भिंतच नसल्यामुळे धडकायला त्याला काही मिळत नाही. वर माणसाला माणूस चिकटून उभा आहे. कुणाच्या कडेवर दुसऱ्याचंच मूल आहे. खाली एक म्हैस खांबाला अंग टेकून पोहत राहायची धडपड करतेय. जिन्याची खालून दहावी पायरी बुडते, मग अकरावी. बाराव्या पायरीवर पाणी थांबतं. इथली माणसं वाचतात. पाण्याच्या पलीकडे झाडांना लुगड्यानं, लुंगीनं स्वतःला बांधून घेतलेली माणसं दिसतात. त्यांच्यातली काही वाचतात.

वादळ जमिनीवर आलं की विरतं, असा आपला समज. हे हलतच नाही. दिवसभराहून अधिक काळ ओडिशावरच घोटाळत राहतं, पाऊस ओततं आणि मग पुन्हा समुद्राकडे वळतं. वैतरणीसारख्या नद्या फुगतात, पण फुगलेला समुद्र त्यांचं पाणी आत घेत नाही.

पुढचे दिवस तुम्ही चालत काढता. आडव्या झाडांनी रस्ते बंद आहेत, भुवनेश्वरात वीज नाही, राजधानीलाच किनाऱ्याची खबर नाही. हेलिकॉप्टरमधून पोहे-गुळाच्या पिशव्या पडतात. विहिरी आणि तळी खारी झालीत, त्यात जनावरं फुगून तरंगतायत. बाहेरून आलेली तरुण पोरं तोंडाला फडकी बांधून दिवसचे दिवस प्रेतं उचलतात आणि मिळेल त्या लाकडांवर जाळतात. हे काम त्यांना कुणी नेमून दिलेलं नव्हतं. त्यांच्याबद्दल फार कमी लिहिलं गेलंय याचं मला वाईट वाटतं. सरकारी मोजणीत मृतांचा आकडा दहा हजारांच्या जवळ जातो. त्यातले आठ हजारांहून अधिक एकट्या जगतसिंहपूर जिल्ह्यातले.

पारादीपच्या क्वार्टरमध्ये बहीण सुखरूप आहे. ती तुमच्याशी बोलत नाही. कामाची बाई बकऱ्यांपाशी राहिली होती.

दोघींच्या घरांत अंतर किती, तर पायी पंधरा मिनिटांचं. इशारा दोघींनी ऐकला होता, वारा दोघींवर सारखाच सुटला होता. एकीला सिमेंटचा जिना होता. हे एकदा डोळ्यांनी पाहिलं की 'निसर्गाचा कोप' हे शब्द तोंडातून निघत नाहीत.

त्याच वर्षी २८ डिसेंबरला ओडिशा सरकार आपत्ती निवारणासाठी वेगळं प्राधिकरण स्थापन करतं. देशाचा आपत्ती व्यवस्थापन कायदा यायला अजून सहा वर्षं आहेत. खाऱ्या झालेल्या खाचरांतलं मीठ पावसाळ्यांमागून पावसाळे धुतलं जातं. गावोगावी खांबांवरच्या इमारती उभ्या राहतात, पुढे त्यांची संख्या आठशेच्या वर जाते. एरवी तिथे शाळा भरते, म्हणजे इमारत वापरात राहते, किल्ली कुणाकडे आहे ते गावाला ठाऊक असतं. दरवर्षी तालमी होतात. केंद्रापाडा जिल्ह्यात अभ्यासकांना आढळतं, की जिथे गाव आणि समुद्र यांच्यामध्ये खारफुटीचा रुंद पट्टा शिल्लक होता तिथे माणसं कमी मेली. २००९ साली हा अभ्यास प्रसिद्ध होतो.

१२ ऑक्टोबर २०१३. तुम्ही गोपालपूरच्या निवाऱ्यात आहात. नवरात्र चालू आहे. रात्री फायलिन चक्रीवादळ धडकतं, वारा ताशी दोनशे किलोमीटरच्या पुढे. पण दोन दिवस आधीपासून माणसं हलवली जातायत: समजावून, हात धरून, नाहीच ऐकलं तर पोलीस आणून. ओडिशात जवळपास दहा लाख लोक घराबाहेर काढलेत. कोपऱ्यात जनरेटर आहे, झाडं कापायची यांत्रिक करवत आहे, ती चालवायला शिकलेली गावातलीच पोरं आहेत. बायका भाताची मोठी पातेली उतरवतायत. एक म्हातारी सारखी गुरांची चौकशी करतेय आणि एक पोरगा सांगतोय, "आजी, सोडलीत ती, दावं कापून." वादळ आणि त्यामागचा पूर धरून राज्यात पन्नासाच्या आत माणसं दगावतात.

३ मे २०१९ला पुरीवर फानी येतं. बारा लाख माणसं हलवली जातात, मृत्यू चौसष्ट. तेही नको होते. पण १९९९ पाहून आलेल्या तुम्हाला हा आकडा वेगळा दिसतो.

मात्र फानीनंतर आठवड्याभरानं पुरीजवळच्या गावातून चाला. माणसं जिवंत आहेत आणि रिकाम्या हातानं बसलेली आहेत. विजेचे खांब आडवे, पंप बंद, पानमळे जमीनदोस्त. पडलेल्या नारळाच्या जागी नवा लावला तर फळ धरायला पाच-सात वर्षं. जीव वाचवायला ओडिशा शिकलं. गेलेली कमाई उभी करायला आपल्या देशात अजून कुणीच नीट शिकलेलं नाही. भरपाईचा धनादेश एकदा येतो, बाग दहा वर्षांची असते.

आता रायपूरला परत या, पण वाटेत १२ ऑक्टोबर २०१४ला विशाखापट्टणमला थांबा. हुदहुद वादळ शहर मोडून काढतं आणि मग उत्तरेला वळून छत्तीसगडातून, मध्य प्रदेश आणि उत्तर प्रदेशातून थेट नेपाळपर्यंत जातं. तिथे अन्नपूर्णेच्या वाटेवर बर्फाच्या वादळात ट्रेकर गाडले जातात. समुद्रावरून उठलेली वाफ हिमालयात बर्फ होऊन पडते, तर रायपूर वाटेतच आहे. इथे येईतो वारा थकलेला असतो, पाऊस थकलेला नसतो. आणि तो येतो नेमका ऑक्टोबरात, धान पिकून उभं असताना. उभं पीक आडवं होतं. कापून शेतात पसरलेलं धान, म्हणजे करपा, भिजला की दाण्याला कोंब फुटतात. याला कुणी चक्रीवादळाचा फटका म्हणत नाही, 'अवकाळी' म्हणून मोकळे होतात.

तेव्हा एवढं करा. दिवाळीच्या मागेपुढे बंगालच्या उपसागरात कमी दाबाचा पट्टा झाल्याची बातमी आली, तर ती दुसऱ्या राज्याची म्हणून सोडून देऊ नका. रायपुरातल्या लालपूरच्या हवामान केंद्राचा अंदाज त्याच दिवशी बघा, गावाकडे फोन करा. करपा शेतात असेल तर उचलून ब्याऱ्यात, म्हणजे खळ्यात, छपराखाली न्यायला सांगा. कापणी दोन दिवस थांबवता येत असेल तर थांबवायला सांगा. आणि तुमच्या वस्तीत पक्का जिना नसलेली घरं कोणती, तिथल्या माणसांनी पाणी चढलं तर कुठे जायचं, हे आभाळ कोरडं असतानाच त्यांच्याशी बोलून ठेवा.