जळालेली सनद आणि एक रब्बी

अंदालुसियातल्या मुसलमानांच्या वाताहतीबद्दल आपण नेहमी हळहळतो. त्याच भूमीतून १४९२ साली ज्यूंनाही हाकलून देण्यात आले, हे मात्र आपल्या लिखाणात क्वचितच येते. त्यांतल्या हजारोंना उस्मानी सल्तनतीने आसरा दिला. सलोनिका हे बंदर तर जणू त्यांचेच शहर बनले. आरागॉनहून तिथे आलेल्या एका घराण्यात १५१५ च्या सुमारास मोशे अल्मोस्निनो यांचा जन्म झाला.

ते रब्बी झाले. जुम्म्याच्या खुतब्याला आपल्याकडे जे स्थान आहे, तसेच काहीसे त्यांच्या सिनेगॉगमधल्या प्रवचनांना होते. सामान्यांसाठी त्यांनी आचारधर्मावर एक पुस्तक लिहिले. ते १५६४ साली छापले गेले. लिपी हिब्रू, पण भाषा स्पॅनिश! ज्या देशाने घालवून दिले, त्याची भाषा या लोकांनी टाकली नव्हती.

पण आसरा मिळाला म्हणून सारे आलबेल होते, असे नाही. सुलतान सुलेमानने सलोनिकाच्या ज्यूंना सवलतींची सनद दिली होती. १५४५ च्या भीषण आगीत ती जळाली. कागदच उरला नाही, तेव्हा सवलतींनाही आधार उरला नाही. करांचा बोजा वाढत गेला. राजधानीला मेंढ्या पुरवण्याची सक्ती तर धनिकांनाही बुडवणारी होती, कारण खरेदी महागात आणि विक्री मात्र सरकारी भावाने.

अखेर जमातीने इस्तंबूलला शिष्टमंडळ पाठवले. त्यात अल्मोस्निनो होते. दरबारात खेटे घालणे, वजिरांच्या भेटी, अर्जविनंत्या असे दिवस जात होते. त्यातच १५६६ साली सुलेमानचा इंतकाल झाला आणि सलीम दुसरा तख्तावर आला. दरबारात वजन असलेल्या जोसेफ नासी या ज्यू उमरावाची मदत झाली. १५६८ साली नवी सनद हाती पडली.

परतल्यावर अल्मोस्निनोंनी या खटपटीची हकीकत प्रवचनातून लोकांना सांगितली. अल्लाहचे आभार मानावेत, तसे त्यांनी परमेश्वराचे आभार मानले, पण आपले हक्क कोणते आणि ते कसे मिळाले, हेही जमातीच्या कानावर घातले. मृत्यूनंतर, १५८८ साली, त्यांची प्रवचने व्हेनिसमध्ये ग्रंथरूपाने निघाली. त्यात हे प्रवचनही आहे.

१९४३ साली नाझींनी सलोनिकाच्या चाळीस हजारांहून अधिक ज्यूंना मृत्युछावण्यांकडे रवाना केले. ती जमात जवळजवळ संपली. ते प्रवचन मात्र उरले.

उस्मानी सुलतानांच्या औदार्याचा आपण अभिमान जरूर बाळगावा. पण अल्मोस्निनोंचा धडा त्याच्या पुढचा आहे. थोड्या संख्येने राहणाऱ्या समाजाने राज्यकर्त्याच्या भलेपणाची कदर करावी, मात्र केवळ त्यावर विसंबू नये. हक्क कागदावर असावा लागतो, आणि कागद जळू शकतो म्हणून तो प्रत्येकाला ठाऊकही असावा लागतो.