पुड्याचा भाव

सत्तर पानांचा एक पुडा, शंभर पुड्यांचा शेकडा. गडचिरोलीतल्या नक्षलवादाचा इतिहास सांगायचा तर मी तेंदूपानाच्या या हिशोबापासून सुरू करीन, माओच्या पुस्तकापासून नाही.

१९८० साली आंध्रात पीपल्स वॉर स्थापन झाला आणि त्याच वर्षी त्यांची पोरं प्राणहिता ओलांडून सिरोंच्याकडे आली. पेद्दी शंकर त्याच वर्षी पोलिसांच्या गोळीनं मेला. गडचिरोली जिल्हा तर तेव्हा झालाही नव्हता. तो चांद्यातून वेगळा निघाला १९८२ मध्ये.

या पोरांना इथं काय दिसलं? जंगलात जन्मलेल्या माणसाला नांगराच्या लाकडासाठी फॉरेस्ट गार्डला कोंबडी द्यावी लागे. मे महिन्यात बायामाणसं पहाटेच रानात जात, दुपारभर घरी पुडे बांधत, आणि संध्याकाळी फळीवर ठेकेदाराचा मुन्शी ‘पान खराब आहे’ म्हणून पुडे बाजूला फेकी. बोलायचं कुणाला? दादा लोकांनी तोडाई बंद पाडली, भाव वाढवून घेतला. मजूर त्यांच्यामागे का गेले, हे यावरून कळतं.

पण पुढं काय झालं? त्याच ठेकेदारांकडून दलमं हंगामाचे पैसे घेऊ लागली. पान तेच, त्यावर बंदुका चालू लागल्या. रात्री दलम भात मागे, सकाळी पोलीस विचारत, भात कुणी दिला? खबऱ्या ठरवून गावातलीच माणसं मारली गेली. इकडं सी-६० मध्ये भरती झाली तीही इथल्याच पोरांची. म्हणजे दोन्हीकडे गोंड-माडियांचीच लेकरं. २००९ च्या ऑक्टोबरात लाहेरीजवळ १७ पोलीस मारले गेले.

आणि त्याच २००९ मध्ये धानोऱ्याजवळच्या मेंढा-लेखा गावाला, २००६ च्या वनहक्क कायद्याखाली, आपल्या जंगलावरचा सामूहिक हक्क मिळाला. कागद मिळूनही वनखातं बांबू नेऊ देईना. ‘बांबू म्हणजे लाकूड की गवत’ यावर वाद! शेवटी २०११ च्या एप्रिलात केंद्रीय मंत्री जयराम रमेश गावात आले, तेव्हा वाहतूक परवान्याचं पुस्तक ग्रामसभेच्या हाती पडलं.

आता कितीतरी ग्रामसभा तेंदूचा लिलाव स्वतःच करतात. ठेकेदार अजूनही आहेत, पैसे थकवणारेही आहेत. पण भाव ठरवायचा तर त्यांना गावात येऊन बसावं लागतं.