वीरांच्या अस्थींचं राजकारण

ग्रीक पुराणकथांशी आपली ओळख होते ती बहुधा गोष्टींच्या पुस्तकांतून. ऑलिंपसवरचा झ्यूस, भुलभुलैयात दडलेला मिनोटॉर, त्याला मारणारा थिसियस, ट्रॉयच्या वेढ्यातला ॲकिलीस. पुस्तकात हे सगळे एकाच रांगेत बसलेले असतात. प्रत्यक्ष ग्रीकांच्या धर्मव्यवहारात मात्र देव आणि वीर वेगळे होते. देव अमर, त्यामुळे त्याला थडगं नाही. क्रीट बेटावरचे लोक झ्यूसचं थडगं दाखवत, म्हणून कॅलिमाखस या कवीने त्यांना खोटारडे ठरवलं होतं. वीर मात्र मेलेला असे. हेराक्लीससारखे काही अपवाद सोडले, तर त्याची शक्ती त्याच्या अस्थींपाशी आणि त्या जागेपुरतीच मानली जाई. तो राखण करी ती आपल्या मातीची. साहजिकच वीर कुठे पुरला आहे, हा प्रश्न श्रद्धेइतकाच राजकारणाचाही होता. अस्थी हलवल्या की राखणदारही हलत असे.

याचं सर्वांत रंगतदार उदाहरण हिरोडोटसने आपल्या इतिहासाच्या पहिल्याच खंडात दिलं आहे. स्पार्टाला शेजारचं तेगेआ जिंकायचं होतं. विजयाची इतकी खात्री, की सैनिक कैद्यांसाठी बेड्या सोबत घेऊन निघाले. हरल्यावर त्याच बेड्या घालून त्यांना तेगेआच्या शेतांत राबावं लागलं. त्या बेड्या आपल्या काळातही तिथल्या अथेनाच्या देवळात टांगलेल्या होत्या, असं हिरोडोटस सांगतो.

पुढे इ.स.पू. सहाव्या शतकाच्या मध्याच्या सुमारास स्पार्टाने डेल्फीला कौल लावला. उत्तर आलं: ॲगामेम्नॉनचा मुलगा ओरेस्टिस याच्या अस्थी घेऊन या. त्या कुठे आहेत, तर तेगेआत, जिथे दोन वारे वाहतात, घावावर घाव बसतो आणि दुःखावर दुःख रचलं जातं तिथे. हे कोडं लिखास नावाच्या स्पार्टनाने सोडवलं. तेगेआतला एक लोहार त्याला बोलता बोलता म्हणाला, अंगणात विहीर खणताना सात हात लांबीची शवपेटी लागली. आतला माणूसही तेवढाच मोठा होता, मी मापून पाहिला आणि पुन्हा पुरला. भात्याचे दोन वारे, हातोडा आणि ऐरण, आणि माणसाच्या वाट्याला दुःख आणणारं लोखंड. लिखासला अर्थ लागला. स्पार्टाने आपल्याला हद्दपार केलं आहे अशी बतावणी करून त्याने ते अंगण भाड्याने मिळवलं, खणलं आणि हाडं गोळा करून स्पार्टा गाठलं. त्यानंतर प्रत्येक झुंजीत स्पार्टाची सरशी होऊ लागली, असं हिरोडोटस लिहितो.

सात हात म्हणजे दहा फुटांहून जास्त. ही हाडं कुणाची असतील? एड्रियन मेयर या अभ्यासिकेने असं सुचवलं आहे, की ग्रीकांना सापडणारी ‘वीरांची’ अवाढव्य हाडं अनेकदा नामशेष झालेल्या मोठ्या प्राण्यांची असावीत. तेगेआ ज्या आर्केडिया प्रांतात होतं, तिथल्या मेगॅलोपोलिसच्या खोऱ्यात प्राचीन हत्तींचे जीवाश्म सापडतातही. पण स्पार्टाच्या दृष्टीने ती हाडं ओरेस्टिसची ठरणं महत्त्वाचं होतं. स्पार्टाचे लोक डोरियन, म्हणजे परंपरेनुसार पेलोपोनीजमध्ये मागाहून आलेले. जुन्या राजघराण्याचा वारस आपल्या भूमीत विसावला, की त्या प्रदेशावरचा आपला हक्कही जुना दिसू लागतो.

अथेन्सने हाच मार्ग धरला तो पर्शियाशी झालेल्या युद्धानंतर. थिसियस हा अथेन्सचा राजा. ॲटिकातली विखुरलेली गावं त्याने एका नगरराज्यात आणली, असं मानलं जाई. पण कथेत त्याचा शेवट अपमानाचा आहे. अथेन्सचे लोक उलटले, तो स्कायरॉस बेटावर गेला आणि तिथला राजा लायकोमिडिस याने त्याला कड्यावरून ढकलून दिलं. पुढे इ.स.पू. ४९०मध्ये मॅरेथॉनच्या रणांगणावर शस्त्रसज्ज थिसियस आपल्या पुढे धावताना अनेकांनी पाहिला, अशी आठवण प्लुटार्कने नोंदवली आहे.

मग डेल्फीचा कौल मिळाला आणि इ.स.पू. ४७५च्या सुमारास किमोन या सेनापतीने स्कायरॉस जिंकलं. एक गरुड टेकाडावर चोच मारताना आणि नखांनी माती उकरताना दिसला. तिथे खणल्यावर धिप्पाड माणसाची शवपेटी मिळाली, शेजारी काशाचा भाला आणि तलवार. किमोनने त्या अस्थी आपल्या युद्धनौकेतून आणल्या आणि जणू थिसियसच परत आला अशा थाटात लोकांनी मिरवणुका काढल्या, बळी दिले. किमोनचा बाप मिल्टियाडिस हा मॅरेथॉनचा सेनापती. त्यालाही अथेन्सने पुढे मोठा दंड ठोठावला होता; तो अपमानित अवस्थेतच मेला आणि दंड मुलाने फेडला. एका अव्हेरलेल्या वीराला मानाने घरी आणताना लोकांना दुसराही आठवला असेल, आणि किमोनला त्याची कल्पना नसेल असं वाटत नाही.

हीच मोहीम थ्युसिडिडिसनेही नोंदवली आहे, पण एका वाक्यात. अथेन्सने स्कायरॉस घेतलं, तिथल्या डोलोपियन लोकांना गुलाम केलं आणि बेटावर आपली माणसं वसवली. गरुड नाही, शवपेटी नाही, थिसियसचं नावही नाही. प्लुटार्कच्या मते हे डोलोपियन समुद्री चाचे होते. असतीलही. पण दोन्ही वर्णनं शेजारी ठेवली, की मिरवणुकीमागे काय घडलं ते दिसतं. बेट जिंकण्याला अस्थी शोधण्याचं पवित्र कारण मिळालं आणि एका जमातीचं गुलाम होणं त्या उत्सवात झाकलं गेलं.

थिसियसच्या अस्थी शहराच्या मध्यभागी ठेवल्या गेल्या. प्लुटार्क सांगतो, की ती जागा पळून आलेल्या गुलामांचा आणि बलवानांना भिणाऱ्या गरिबांचा आसरा झाली. कारण थिसियसने हयातीत दुबळ्यांची गाऱ्हाणी ऐकली होती, अशी त्याची ख्याती होती. सत्ताधाऱ्यांनी वीर आणला तो आपलं बळ वाढवायला. पण त्याच्याबद्दलच्या कथा त्यांच्या एकट्याच्या नव्हत्या, त्या गुलामांनीही ऐकल्या होत्या. ज्या मोहिमेने स्कायरॉसचे लोक गुलाम केले, त्याच मोहिमेतून आलेल्या हाडांपाशी अथेन्सचा गुलाम धन्यापासून संरक्षण मागू शकत होता.