इनामगाव आणि मेसा व्हर्डे : गाव ओस पडण्याच्या कारणमीमांसेविषयी काही विचार

अमेरिकेच्या नैर्ऋत्य भागातील प्राचीन प्वेब्लो लोकांच्या संस्कृतीचा अभ्यास महाराष्ट्रातील पुरातत्त्वाच्या विद्यार्थ्याने का करावा, असा प्रश्न वर्गात दरवर्षी कोणीतरी विचारतोच. प्रश्न रास्त आहे. कोलोराडो आणि न्यू मेक्सिको येथील कड्यांच्या कपारींत बांधलेली दगडी घरे आणि आपल्या घोड नदीच्या काठची कुडाची घरे यांच्यामध्ये दोन हजारांहून अधिक वर्षांचे आणि अर्ध्या पृथ्वीचे अंतर आहे. या दोहोंत संपर्क असल्याचे कोणी म्हणत नाही व म्हणूही नये. परंतु दोन्ही ठिकाणी पुरातत्त्वज्ञासमोर उभा राहिलेला प्रश्न एकच आहे. अल्प पर्जन्याच्या प्रदेशात काही शतके नांदलेली शेतकऱ्यांची गावे एकाएकी ओस का पडली? आणि दोन्हीकडे प्रथम सुचलेले उत्तरही एकच आहे : अवर्षण. ते उत्तर कितपत टिकते, याचा विचार प्रस्तुत लेखात करावयाचा आहे.

प्रस्तुत लेखकाचे वास्तव्य मोहने येथे, उल्हास नदीच्या काठी आहे. कल्याणचा हा परिसर पुरातत्त्वदृष्ट्या दरिद्री नव्हे. कान्हेरीच्या शिलालेखांत कल्याणच्या दानशूर व्यापाऱ्यांचे उल्लेख आहेत आणि सोपारा फार दूर नाही. परंतु हे सारे इतिहासकाळातले. त्यापूर्वीच्या ताम्रपाषाणयुगातील जोर्वे संस्कृतीचे गाव मात्र या खोऱ्यात मिळत नाही. जोर्वे संस्कृती बहुतेक सर्व महाराष्ट्रभर पसरली होती; तिने वगळले ते कोकणची किनारपट्टी आणि विदर्भाचा काही भाग. मोहन्याहून निघून माळशेज घाट चढावा, जुन्नर मागे टाकावे आणि घोडच्या काठाने शिरूरपर्यंत उतरावे, म्हणजे याचे कारण पायांनाच कळते. घाटाखाली दोन हजार मिलिमीटरांहून अधिक पाऊस, तांबडी जमीन आणि दाट रान. शिरूरला पाऊस पाचशे मिलिमीटरांच्या आसपास, जमीन काळी, झाडी विरळ. दगडी पाती आणि मोजकी तांब्याची हत्यारे बाळगणाऱ्या शेतकऱ्याला घाटाखालचे अरण्य तोडणे अवघड होते. पर्जन्यछायेतील नदीकाठ त्याला मोकळा मिळाला. जेथे पाऊस बेभरवशाचा तेथेच त्याने गाव वसविले, ही गोष्ट पुढील विवेचनात ध्यानात ठेवावयाची आहे.

जोर्वे हे प्रवरेकाठचे, संगमनेर तालुक्यातील गाव. तेथे १९५०-५१ साली डॉ. हसमुख धीरजलाल सांकळिया व डॉ. शां. भा. देव यांनी उत्खनन केले आणि त्या गावाचे नाव एका संस्कृतीला मिळाले. पुढे नेवासे, चांडोली, सोनगाव, दायमाबाद अशी एकेक स्थळे उजेडात आली. परंतु एका गावाचे समग्र जीवन उलगडले ते इनामगावात. भीमेची उपनदी असलेल्या घोड नदीच्या उजव्या तीरावरील या स्थळी डेक्कन कॉलेजने १९६८ पासून १९८३ पर्यंत, सांकळिया, म. के. ढवळीकर व झै. दा. अन्सारी यांच्या मार्गदर्शनाखाली उत्खनन केले. उभा छेद घेऊन कालक्रम लावण्याची तोवरची पद्धत बाजूस ठेवून येथे आडवे उत्खनन झाले आणि शंभराहून अधिक घरांचे अवशेष मिळाले. १९८८ साली त्याचा अहवाल प्रसिद्ध झाला.

या अहवालाप्रमाणे वसाहतीचे तीन कालखंड पडतात : माळवा संस्कृतीचा (इ. स. पूर्व १६०० ते १४००), पूर्व-जोर्वे (१४०० ते १०००) आणि उत्तर-जोर्वे (१००० ते ७००). पूर्व-जोर्वे काळातील घरे चौकोनी व प्रशस्त. कुडाच्या भिंती, आत चूल, कणगीसाठी मातीचे गोल ओटे आणि धान्याची पेवे. जव हे मुख्य धान्य; त्याच्या जोडीला गहू, मसूर, वाटाणा, कुळीथ, वाल. नदीचे पुराचे पाणी वळविण्यासाठी खणलेला पाट आणि त्याचा दगडमातीचा बांध मिळाला आहे. पाच खोल्यांच्या एका मोठ्या घराला लागून धान्याचे कोठार होते, आणि त्याच घराच्या अंगणात चार पायांच्या, न भाजलेल्या मातीच्या रांजणात मांडी घालून बसविलेला एक प्रौढ पुरुष पुरलेला आढळला. इतर प्रौढांना जमिनीत उत्तर-दक्षिण उताणे निजवून घोट्यापासून त्यांचे पाय तोडलेले आहेत. या पुरुषाचे पाय शाबूत होते. मृताने परत चालत येऊ नये म्हणून पाय तोडीत, असा तर्क केला जातो. गावचा मुखिया परत आला तर हवाच होता काय, हा प्रश्न मनात आल्यावाचून राहत नाही. लहान मुलांना मात्र दोन कुंभांत, तोंडाला तोंड लावून, घराच्या जमिनीखालीच पुरीत. घराच्या भूमीशी मृतांचे हे नाते प्वेब्लो वसाहतींतही दिसते. तेथेही अनेक दफने राहत्या खोल्यांच्या जमिनीखाली आहेत.

उत्तर-जोर्वे काळात चित्र पालटते. चौकोनी घरे जाऊन लहान गोल झोपड्या येतात. गहू कमी होतो, वन्य प्राण्यांची हाडे वाढतात. गोदावरी-प्रवरेच्या खोऱ्यांतील गावे इ. स. पूर्व १००० च्या सुमारास ओस पडली; भीमेच्या खोऱ्यात मात्र वस्ती आणखी सुमारे तीन शतके चालू राहिली. ढवळीकरांनी याचा अन्वयार्थ स्पष्ट शब्दांत मांडला. पहिल्या सहस्रकाच्या आरंभी हवामान कोरडे होत गेले, शेती खचली, लोक दरिद्री होऊन अर्धभटके बनले आणि अखेर गाव सोडून गेले. दूरच्या नाईल नदीच्या पुरांच्या घटत्या पातळीचाही त्यांनी आधार घेतला. विवेचन मोठे सुसंगत आहे. त्याच्या सुसंगतीमुळेच ते पाठ्यपुस्तकांत सिद्धान्त म्हणून शिरले.

आता मेसा व्हर्डेकडे वळू. १८ डिसेंबर १८८८ रोजी रिचर्ड वेदरिल व चार्ली मेसन हे दोन गुराखी हरवलेली जनावरे शोधीत असता कड्याच्या कपारीत बांधलेले एक अख्खे गाव त्यांच्या दृष्टीस पडले. त्याला ‘क्लिफ पॅलेस’ असे नाव पडले. सुमारे १५० खोल्या आणि ‘किवा’ म्हणून ओळखल्या जाणाऱ्या वीसांहून अधिक गोल विधिगृहांचे हे गाव तेराव्या शतकात बांधलेले आहे आणि त्याच शतकाअखेर ते रिकामे झाले. हे आपण शतकाच्या नव्हे, तर वर्षांच्या हिशेबाने सांगू शकतो, आणि येथेच या अभ्यासाचे खरे महत्त्व आहे. ए. ई. डग्लस हे मूळचे खगोलशास्त्रज्ञ. सूर्यावरील डागांचे चक्र झाडांच्या वाढीवर उमटते काय, हे पाहताना त्यांनी खोडातील वलयांची रुंदी मोजावयास आरंभ केला. ओल्या वर्षी वलय रुंद, कोरड्या वर्षी अरुंद. आणि अरुंद-रुंद वलयांचा हा क्रम सबंध प्रदेशात सारखाच. जिवंत झाडांपासून मागे जाणारा एक क्रम आणि पुराणवास्तूंच्या तुळयांचा दुसरा, अधांतरी क्रम, यांच्यामध्ये खंड होता. २२ जून १९२९ रोजी ॲरिझोनातील शो लो येथे मिळालेल्या एका जळक्या तुळईने तो खंड जोडला आणि त्या दिवसापासून प्वेब्लो वास्तूंना सनावळी मिळाली. १२७६ ते १२९९ या वर्षांची अरुंद वलये तेव्हाच डग्लस यांच्या नजरेस आली. ‘महाअवर्षण’ हा शब्द रूढ झाला तो त्यावरूनच.

इतका पुरावा हाती असूनही प्रश्न मिटला नाही, हे आमच्या विद्यार्थ्यांनी विशेष लक्षात घ्यावे. १९९४ साली कार्ला व्हॅन वेस्ट यांनी त्या प्रदेशातील जमिनींच्या उत्पादनक्षमतेचा वर्षवार अंदाज बांधला, तेव्हा असे दिसले की अत्यंत कोरड्या वर्षांतही तेथे लोकसंख्येचा बराचसा भाग पोसण्याइतका मका पिकू शकला असता. म्हणजे काही लोकांनी जावे याला अवर्षण पुरेसे होते. एकूण एक सर्वांनी जावे याला नव्हते. मग संघर्ष, जमिनीवरील हक्कांचे अडसर आणि दक्षिणेकडील नव्या वस्त्यांचे व नव्या धर्माचारांचे आकर्षण यांचा विचार करावा लागला. कॅसल रॉक येथे तर शेवटच्या वर्षांत सामुदायिक हत्येच्या खुणा मिळाल्या.

आमच्याकडे तुलनेने काय आहे? पोपड्यांच्या भोकांत खांबांची निशाणी उरली, खांब उरला नाही. काळ्या मातीत लाकूड कुजते. कोळशावरून कार्बन-१४ पद्धतीने काळ काढता येतो. परंतु त्यात दशकांची, पुष्कळदा शतकाची अनिश्चिती असते. त्यातही दुर्दैव असे की इ. स. पूर्व ८०० ते ४०० या चार शतकांत कार्बनच्या कालमापन-वक्ररेषेला जवळजवळ सपाटी आली आहे. त्या काळातले निरनिराळे नमुने सारखेच वय दाखवितात. इनामगाव ओस पडले ते नेमके या सपाटीच्या तोंडाशी. तेव्हा ‘इ. स. पूर्व ७००’ हा आकडा आपण उच्चारतो तितका टणक नाही. घटनेचाच काळ असा ढिला असता एखाद्या विशिष्ट अवर्षणाशी तिची सांगड घालणे म्हणजे दोन धूसर वस्तू एकमेकींवर ठेवून त्या जुळल्या असे म्हणणे होय.

येथे ठाणे जिल्ह्याचा पुन्हा उल्लेख करावासा वाटतो. उष्ण कटिबंधातील बहुतेक झाडांना वार्षिक वलये स्पष्ट नसतात. साग हा ठळक अपवाद. पानगळीनंतर त्याची वाढ थांबते आणि वलय उमटते. १९८३ साली जी. बी. पंत व एच. पी. बोरगावकर यांनी ठाण्याच्या परिसरातील सागांच्या वलयांचा हवामानाशी संबंध तपासला. मोहन्याच्या आसपासच्या रानातले साग पावसाची नोंद ठेवीत आले आहेत, ही कल्पना मला मोठी हृद्य वाटते. परंतु भारतातील सागांचे क्रम काही शतकेच मागे जातात. केरळातील सर्वांत लांब क्रम पंधराव्या शतकाच्या उत्तरार्धापर्यंत पोचतो. इ. स. पूर्व पहिल्या सहस्रकापर्यंत पोचणारी साखळी आपल्याजवळ नाही. कार्ले येथील चैत्यगृहाच्या लाकडी कमानी सागाच्याच आहेत. पण दोहोंमधला खंड जोडणारी तुळई अजून कोणाला सापडलेली नाही.

ढवळीकरांच्या उपपत्तीवर आक्षेप आले ते मात्र दुसऱ्या दिशांनी. शीना पांजा यांनी वसाहतीच्या रचनेवरून असे प्रतिपादन केले की उत्तर-जोर्वे काळातील बदल हा ऱ्हास नसून स्थलांतरशीलतेचा एक पर्याय होता. लोक गाव सोडीत आणि पुन्हा येत. ग्वेन रॉबिन्स शुग यांनी इनामगावच्या बालकांच्या अस्थींचा अभ्यास करून २०११ साली ग्रंथ लिहिला. उत्तर-जोर्वे काळातील मुलांची वाढ खुंटलेली आहे, हे त्यांना दिसले. परंतु हवामान त्या वेळी अकस्मात बिघडले, हे त्यांना मान्य नाही. अर्धकोरडे हवामान शेतकरी येथे आले तेव्हाच होते. मला हा मुद्दा निर्णायक वाटतो. जो शेतकरी पर्जन्यछायेत नऊ शतके राहिला, ज्याने पाट खणला, पेवे भरली, कोठार बांधले, त्याला अवर्षण अपरिचित नव्हते. तेव्हा विचारावयाचे ते असे की जी व्यवस्था अनेक दुष्काळ सोसून टिकली, ती शेवटचा का सोसू शकली नाही? या प्रश्नाचे उत्तर आकाशात मिळणार नाही. कोठाराची किल्ली कोणाकडे होती, पाटाचे पाणी कोणाच्या शेताला आधी मिळे, येथे ते शोधावे लागेल.

माझा आणखी एक तर्क आहे. तो तर्क म्हणूनच घ्यावा. इनामगावचे उत्खनन चालू असतानाच १९७२ चा दुष्काळ पडला. शिरूर-अहमदनगरच्या (सध्याच्या अहिल्यानगरच्या) पट्ट्यात माणसे खडी फोडीत होती, जनावरे छावण्यांत होती. अशा वर्षांत त्याच भूमीत खणणाऱ्या संशोधकाला ओस गावाचे कारण दुष्काळ वाटले, तर नवल नाही. डग्लस यांच्या महाअवर्षणालाही १९३० नंतरच्या अमेरिकेतील धुळीच्या वादळांनी वाचकवर्ग तयार करून दिला असावा. दोन्ही उपपत्ती यामुळे खोट्या ठरत नाहीत.

राहिला प्रश्न ‘नाहीशा झालेल्या’ लोकांचा. मेसा व्हर्डेच्या रहिवाशांना बराच काळ ‘अनासाझी’ म्हणत. हा शब्द नव्हाहो भाषेतला, आणि त्याचा अर्थ ‘शत्रूंचे पूर्वज’ असा सांगतात. होपी, झुनी व रिओ ग्रांदेकाठचे प्वेब्लो लोक यांनी त्यास हरकत घेतली. आमचे पूर्वज नाहीसे झाले नाहीत, ते येथे आले, आणि आम्ही आहोत, असे त्यांचे म्हणणे. पुराव्याने त्यांना दुजोरा दिला. आता ‘पूर्वज प्वेब्लो’ असे म्हणण्याची रीत आहे. १८९१ साली गुस्टाफ नॉर्डनशल्ड या तरुण स्वीडिश संशोधकाने मेसा व्हर्डेहून नेलेले मानवी अवशेष अनेक वर्षे फिनलंडच्या राष्ट्रीय संग्रहालयात होते; २०२० साली ते परत आले आणि वंशजांनी त्यांचे पुन्हा दफन केले.

इनामगावच्या अडीचशेहून अधिक दफनांतील अस्थी मागावयास कोणी आलेले नाही. ते लोक कोणत्या भाषेत बोलत, हे आपणास ठाऊक नाही; कोणताही समाज त्यांना आपले पूर्वज म्हणत नाही. परंतु कुळीथ आणि वाल आपण अजून खातो, कणग्या आणि पेवे अगदी अलीकडेपर्यंत आपल्या खेड्यांत होती, आणि शिरविरहित देवीची एक मृण्मूर्ती तेथे एका मातीच्या पेटीत, बैलाच्या मूर्तीसह, घराच्या जमिनीखाली जपून ठेवलेली मिळाली. यावरून अखंड परंपरा सिद्ध होते असे मी म्हणणार नाही. असा मोह आपल्याकडे फार लवकर होतो. तथापि ‘गाव ओस पडले’ एवढे म्हणून थांबणे आणि ‘लोक नाहीसे झाले’ असे लिहिणे, यांत जे अंतर आहे, ते आपल्या उत्खनन-अहवालांच्या शेवटच्या प्रकरणांत पाळलेले दिसत नाही. भीमेच्या खोऱ्यातील गोल झोपड्यांमधून निघालेली माणसे पुढे कोणत्या वाटेने गेली, याचा माग घ्यावयाचा तर प्रथम इ. स. पूर्व ७०० नंतरच्या, भांड्यांच्या चार-दोन खापरांपलीकडे काही न देणाऱ्या लहान स्थळांचे पद्धतशीर सर्वेक्षण व्हावयास हवे. घोड, कुकडी आणि मुळा यांच्या वरच्या खोऱ्यांपासून त्याचा आरंभ करता येईल.