घरातली हिंसा : कायदा कुठून आला, हक्क कोणते आणि कुटुंबाने काय करायचे

लग्न होऊन सहा-आठ महिने झालेले असतात. मुलगी माहेरी फोन करते, बोलता बोलता गप्प होते आणि शेवटी एवढेच म्हणते, “अम्मी, काल त्यांनी हात उचलला.” यावर बहुतेक घरांत ठरलेले उत्तर मिळते. “सब्र कर बेटा. सगळ्यांच्याच घरात असतं. बाहेर बोलू नकोस, खानदानाची इज्जत जाते.” हे सांगणारी आई वाईट नसते. तिच्या आईनेही तिला हेच सांगितलेले असते. पण मुलगी पुन्हा कधी तोंड उघडेल की नाही, हे पुष्कळदा या पहिल्या उत्तरावर ठरते.

हा प्रश्न एका समाजाचा नाही. जागतिक आरोग्य संघटनेच्या अंदाजानुसार जगातल्या दर तीन स्त्रियांपैकी जवळपास एकीला आयुष्यात कधी ना कधी शारीरिक किंवा लैंगिक हिंसा सोसावी लागते. भारतात २०१९-२१ च्या राष्ट्रीय कुटुंब आरोग्य सर्वेक्षणात १८ ते ४९ वयाच्या विवाहित स्त्रियांपैकी २९ टक्के स्त्रियांनी नवऱ्याकडून अशी हिंसा झाल्याचे सांगितले. महाराष्ट्रात हे प्रमाण साधारण चारातली एक असे आहे. याच सर्वेक्षणात आणखी एक गोष्ट दिसली. हिंसा सोसलेल्यांपैकी फक्त १४ टक्के स्त्रियांनी कोणाची तरी मदत मागितली. बाकीच्यांपैकी बहुतेकींनी कोणाला सांगितलेसुद्धा नाही. आणि काही कारणांसाठी नवऱ्याने बायकोला मारणे योग्य आहे, असे मानणाऱ्या स्त्रिया ४५ टक्के आणि पुरुष ४४ टक्के निघाले. म्हणजे मार जेवढा हातात आहे तेवढाच डोक्यातही आहे.

हिंसा म्हणजे फक्त मारहाण नव्हे

कौटुंबिक हिंसाचारापासून महिलांचे संरक्षण अधिनियम २००५ साली झाला आणि २६ ऑक्टोबर २००६ पासून लागू झाला. या कायद्याने हिंसेचे चार प्रकार मानले आहेत.

शारीरिक : मारणे, ढकलणे, चटके देणे, उपाशी ठेवून तब्येत बिघडवणे.

लैंगिक : जबरदस्ती करणे, लाज वाटेल अशा गोष्टी करायला भाग पाडणे.

शाब्दिक आणि मानसिक : शिवीगाळ, टोमणे, मूल होत नाही किंवा मुलगा होत नाही म्हणून अपमान, माहेरच्यांना मारण्याची धमकी. उठता-बसता “तलाक देऊन टाकीन” असे बजावत राहणे हाही छळच आहे.

आर्थिक : घरखर्चाला पैसे न देणे, तिचा पगार काढून घेणे, तिचे दागिने परस्पर विकणे, राहत्या घरातून बाहेर काढणे.

हा कायदा सगळ्या धर्मांच्या स्त्रियांना लागू आहे. फक्त बायकोलाच नाही, तर आई, बहीण, मुलगी, विधवा सून यांनाही त्याचा आधार घेता येतो. त्रास देणारी सासू किंवा नणंद असली तरी तिच्याविरुद्ध अर्ज करता येतो.

इंग्रज गेले, त्यांचे कायदे राहिले

“बायको ही नवऱ्याची, त्यात दुसऱ्याने पडू नये” हा विचार आपल्याकडे इंग्रज यायच्या आधीही होता. पण कोर्टाचा शिक्का त्यावर इंग्रजी राजवटीत बसला. भारत, पाकिस्तान, बांगलादेश, मलेशिया, युगांडा असे जे देश वसाहतीतून स्वतंत्र झाले, त्यांना घरातल्या हिंसेचा विचार करताना हा वारसा बाजूला ठेवता येत नाही.

एक उदाहरण बघा. बायको सासर सोडून गेली तर तिला परत नांदायला आणण्यासाठी नवऱ्याने कोर्टात दावा लावायचा, ही तरतूद इंग्लंडच्या चर्चच्या न्यायालयांतून आली. १८६७ साली मुन्शी बझलुर रहीम विरुद्ध शमसुन्निसा बेगम या खटल्यात लंडनच्या प्रिव्ही कौन्सिलने मुस्लिम नवऱ्यालाही असा दावा लावता येतो असे ठरवले. मात्र बायकोचा छळ होत असेल तर तिला तो बचाव घेता येईल, अशी वाटही ठेवली. पुढे मुंबईत रखमाबाईंचा खटला गाजला. लहानपणी झालेल्या लग्नाच्या नवऱ्याकडे जायला त्यांनी नकार दिला होता. १८८७ मध्ये मुंबई हायकोर्टाने त्यांना सांगितले की नवऱ्याकडे जा, नाही तर सहा महिने तुरुंगात जा. रखमाबाईंनी तुरुंगाची तयारी दाखवली. शेवटी तडजोड झाली, त्या इंग्लंडला गेल्या आणि डॉक्टर होऊन परतल्या. इंग्लंडने ही तरतूद १९७० साली रद्द केली. आपल्याकडे तसे दावे अजूनही लागतात.

दुसरे उदाहरण १८६० च्या दंडसंहितेचे. नवऱ्याने बायकोवर केलेली जबरदस्ती बलात्कार ठरत नाही, हा अपवाद इंग्लिश कायद्याच्या जुन्या विचारातून त्यात आला. इंग्लंडच्या सर्वोच्च न्यायपीठाने १९९१ मध्ये तो विचार मोडीत काढला. भारतात १ जुलै २०२४ पासून नवी भारतीय न्याय संहिता लागू झाली, पण हा अपवाद तिच्यातही राहिला. म्हणून अशा जबरदस्तीविरुद्ध बायकोला मुख्यतः २००५ च्या कायद्याचाच आधार उरतो.

तिसरी गोष्ट मालमत्तेची. १९३७ च्या शरियत कायद्यातून शेतजमिनीचा विषय वगळला गेला होता. ज्या स्त्रीच्या नावावर जमीन नाही, घर नाही, तिला मार खाऊनही त्याच दारात उभे राहावे लागते. कुरआनने मुलीला वारशात हिस्सा दिला आहे. तो देण्याऐवजी “तिला लग्नात दिलं की” म्हणून विषय संपवणारी घरे आपल्याकडे कमी नाहीत. हेही हिंसेचेच एक मूळ आहे.

उलेमांनी काढलेली वाट

आपल्या समाजात बदल बाहेरूनच आला, असे मात्र नाही. हनफी मसलकात स्त्रीला काझीकडून निकाह फस्ख करून घेणे फार अवघड होते. नवरा बेपत्ता, खर्च देत नाही, मारतो, तरी सुटका नाही, अशी गत होती. विसाव्या शतकाच्या सुरुवातीला पंजाबात काही स्त्रिया केवळ निकाहातून सुटण्यासाठी धर्म सोडू लागल्या. तेव्हा मौलाना अशरफ अली थानवी यांनी मालिकी मसलकाच्या आधारे अशा स्त्रियांसाठी मार्ग सुचवला. त्याच विचारातून १९३९ चा मुस्लिम विवाह विच्छेद अधिनियम झाला.

हा कायदा आजही लागू आहे. नवरा चार वर्षे बेपत्ता असेल, दोन वर्षे खर्च देत नसेल किंवा क्रूरपणे वागत असेल तर मुस्लिम स्त्री कोर्टातून निकाह रद्द करून घेऊ शकते. क्रूरतेत नेहमीची मारहाण तर आहेच, पण मार न देताही जगणे नकोसे करणे, तिची मालमत्ता विकणे, तिला धार्मिक आचरण करू न देणे आणि एकापेक्षा जास्त बायका असताना न्यायाने न वागणे हेही आहे. १९३९ साली मानसिक छळाला कायद्यात जागा देणारी ही तरतूद होती. ती आपल्याच घरात फार थोड्यांना माहीत आहे.

दीनच्या नावाखाली मार नाही

काही लोक सूरह निसाच्या ३४ व्या आयतीचा हवाला देऊन मारण्याचे समर्थन करतात. फुकहांनी त्या आयतीवर कडक मर्यादा घातल्या आहेत. इजा होऊ नये, चेहऱ्यावर हात उचलू नये, असे त्यांनी बजावले आहे. हजरत आयशा (रजि.) यांच्या रिवायतीनुसार प्रेषित मुहम्मद (स.) यांनी कधी कोणत्या स्त्रीवर किंवा सेवकावर हात उचलला नाही. सुन्नत पाळायची तर हीसुद्धा पाळायला हवी. सूरह बकरामध्ये स्पष्ट ताकीद आहे की बायकोला ठेवायचे तर भलेपणाने ठेवा, सोडायचे तर भलेपणाने सोडा, त्रास देण्यासाठी अडकवून ठेवू नका. सूरह निसाच्याच ३५ व्या आयतीत दोन्ही बाजूंचा एकेक हकम नेमायला सांगितले आहे.

याच आधारावर मुंबई हायकोर्टाच्या औरंगाबाद खंडपीठाने २००२ मध्ये दगडू पठाण विरुद्ध रहिंबी पठाण या खटल्यात म्हटले की नुसता “मी तलाक दिला” असा लेखी जबाब पुरेसा नाही. योग्य कारण होते आणि समेटाचा प्रयत्न झाला होता, हे नवऱ्याने सिद्ध केले पाहिजे. २०१७ मध्ये सुप्रीम कोर्टाने एकाच दमात दिलेला तीन तलाक रद्द ठरवला. २०१९ च्या कायद्याने तो गुन्हा झाला.

आज हातात असलेले हक्क

राहते घर : २००५ च्या कायद्यानुसार स्त्रीला राहत्या घरात राहण्याचा हक्क आहे, घर तिच्या नावावर नसले तरी. सासू-सासऱ्यांच्या मालकीच्या घरालाही हे लागू होऊ शकते, असे सुप्रीम कोर्टाने २०२० मध्ये सांगितले.

संरक्षण आदेश : मॅजिस्ट्रेटकडे अर्ज करता येतो. पहिली तारीख साधारण तीन दिवसांत द्यावी आणि अर्ज ६० दिवसांत निकाली काढण्याचा प्रयत्न करावा, असे कायदा सांगतो. प्रत्यक्षात उशीर होतो, म्हणून अंतरिम आदेश सुरुवातीलाच मागावा. आदेश मोडणाऱ्याला एक वर्षापर्यंत कैद, २० हजारांपर्यंत दंड किंवा दोन्ही होऊ शकते.

फौजदारी तक्रार : क्रूरतेसाठी पूर्वीचे कलम ४९८-अ आता भारतीय न्याय संहितेत कलम ८५ आणि ८६ मध्ये आहे. तीन वर्षांपर्यंत शिक्षा आहे. २००५ चा कायदा दिवाणी स्वरूपाचा आहे. नवऱ्याला जेलमध्ये न पाठवताही त्यातून संरक्षण, खर्च आणि मुलांचा ताबा मिळू शकतो.

पोटगी : जुलै २०२४ मध्ये सुप्रीम कोर्टाने पुन्हा स्पष्ट केले की तलाक झालेल्या मुस्लिम स्त्रीला सर्वसाधारण फौजदारी कायद्याखालीही पोटगी मागता येते. मेहर हा वेगळा हक्क आहे. पोटगी मिळाली म्हणून मेहर बुडत नाही.

मोफत वकील : स्त्रीला उत्पन्न कितीही असले तरी विधी सेवा प्राधिकरणाकडून मोफत वकील मिळतो. त्यासाठी १५१०० हा क्रमांक आहे.

रोखता येते का?

येते, आणि त्याचा पुरावाही आहे. युगांडातल्या कंपाला शहरात ‘सासा’ नावाचा उपक्रम चालला. स्वाहिली भाषेत सासा म्हणजे ‘आत्ता’. मोहल्ल्यातल्याच स्त्री-पुरुषांनी शेजाऱ्यांशी बोलायचे, घरातली ताकद कोणाच्या हातात आहे यावर चर्चा करायची, असे त्याचे स्वरूप होते. काही वर्षांनी अभ्यास झाला तेव्हा, जिथे उपक्रम चालला त्या वस्त्यांत नवऱ्याकडून होणारी मारहाण बाकी वस्त्यांच्या तुलनेत सुमारे ५२ टक्के कमी होती. पोलिसांची संख्या वाढवून नव्हे, शेजार बोलता करून.

मुंबईत वांद्र्याच्या भाभा हॉस्पिटलमध्ये महापालिका आणि ‘सेहत’ या संस्थेने मिळून ‘दिलासा’ केंद्र सुरू केले. हात मोडला म्हणून आलेल्या बाईला “पडलात का?” एवढेच विचारून पट्टी बांधायची नाही, तर एकीकडे बसवून विश्वासात घेऊन विचारायचे, ही त्यामागची कल्पना. मार खाल्लेली बाई पोलिसांकडे जात नाही, पण दवाखान्यात जाते.

आपल्या वस्त्यांत आणखी एक अडचण आहे. पोलिस ठाण्यात गेलो तर आपली वागणूक कशी होईल याची धास्ती असते, आणि तक्रार केली तर “कौमची बदनामी” झाली असे म्हणणारेही असतात. धास्ती समजण्यासारखी आहे. पण तिची किंमत एकट्या स्त्रीने मार खाऊन का मोजायची? पोलिसांवर विश्वास नसेल तर जमातीने तिच्यासोबत ठाण्यात जावे, तिला एकटी सोडू नये.

जमात, मशीद कमिटी आणि घरातले मोठे लोक एवढे तरी करू शकतात. निकाहनाम्यात मेहर रोख आणि स्पष्ट लिहावा. तलाक-ए-तफवीजसारखी अट घालता येते, ती मुलीला समजावून सांगावी. जुम्याच्या बयानात वर्षातून दोन-चारदा हा विषय यावा. सुलह करायला बसताना मुलीशी आधी एकटीशी, सासरचे कोणी नसताना बोलावे. बैठकीत एका बाजूला घाबरलेली मुलगी आणि दुसऱ्या बाजूला आठ माणसे असतील तर ती सुलह नव्हे, दबाव आहे. आणि ज्या घरात मार चालूच आहे, तिथे आधी मार थांबला पाहिजे, बोलणी नंतर.

तो फोन आला तर

पहिले वाक्य असे असावे : “तू सांगितलंस ते बरं केलंस. हे घर तुझं आहे.” काय चुकले, का मारले, हे तेव्हा विचारू नका. जीव धोक्यात असेल तर ११२ वर फोन करा. सल्ल्यासाठी १८१ ही महिला हेल्पलाइन आहे. जिल्ह्याच्या सखी वन स्टॉप सेंटरमध्ये तात्पुरता निवारा, उपचार आणि कायदेशीर मदत मिळते. जखम झाली असेल तर सरकारी दवाखान्यात नेऊन नोंद करून घ्या, फोटो काढून ठेवा. निकाहनामा, आधार कार्ड, मुलांचे दाखले, बँकेचे पासबुक यांच्या प्रती माहेरी ठेवायला सांगा. संरक्षण अधिकाऱ्याकडे घटनेचा अहवाल नोंदवता येतो, त्यासाठी वकील लागत नाही.

आणि मुलगा आपला असेल, फोन सुनेच्या माहेरून आला असेल, तरीही उत्तर तेच असायला हवे. सब्र फार मोठी गोष्ट आहे. पण जुलूम सोसत राहणे म्हणजे सब्र, असे आपल्या दीनने कुठे शिकवलेले नाही. जालिमचा हात धरणे हीसुद्धा त्याचीच मदत आहे, हे आपण लहानपणापासून ऐकत आलो. तो हात आपल्या घरातला असला, तर धरायला दुसरे कोण येणार?